ट्रॉय सांगणाऱ्यांची परंपरा

१७ फेब्रुवारी २०१८च्या शनिवारी रात्री बीबीसी वन वाहिनीवर ‘ट्रॉय : फॉल ऑफ अ सिटी’ ही आठ भागांची मालिका सुरू झाली आणि एप्रिलमध्ये नेटफ्लिक्सने ती जगभर पोहोचवली. मालिकेचे कर्ते होते डेव्हिड फार. ‘द नाइट मॅनेजर’ या हेरकथेच्या पटकथेमुळे त्यांचं नाव तेव्हा सगळ्यांना ठाऊक होतं. पहिल्याच भागात डोंगरात जनावरं राखणारा पॅरिस हा तरुण भेटतो. आपण ट्रॉयच्या राजाचे, प्रायमचे पुत्र आहोत याची त्याला कल्पना नसते. तीन देवी त्याच्यापुढे उभ्या राहतात, तिघींत श्रेष्ठ कोण याचा निवाडा मागतात आणि तो अ‍ॅफ्रोडाइटीला कौल देतो. मग स्पार्टा, मग हेलन, मग ट्रॉयच्या किनाऱ्याकडे येणारी ग्रीक गलबतं.

मालिका पाहून कुणी होमरचं ‘इलियड’ उघडलं, तर त्याची चांगलीच गडबड होते. तिथे युद्धाचं दहावं वर्ष चालू असतं. पॅरिसच्या त्या निवाड्याचा उल्लेख थेट चोविसाव्या, म्हणजे शेवटच्या सर्गात आणि तोही दोन-चार ओळींत उरकलेला. हेलनला पळवून आणण्याचा प्रसंग नाही. ग्रीक वीर अकिलीसचा मृत्यू नाही. लाकडी घोडाही नाही! सुमारे १५,७०० ओळींचं हे काव्य दहा वर्षांच्या युद्धातले जेमतेम पन्नासेक दिवस सांगतं. अकिलीसच्या संतापापासून सुरू होतं आणि ट्रॉयचा वीर हेक्टर याच्या अंत्यसंस्कारापाशी थांबतं.

मग बाकीची कथा आली कुठून? ती सांगणारे दुसरे कवी होते. ‘किप्रिया’, ‘एथिओपिस’, ‘छोटं इलियड’, ‘ट्रॉयचा पाडाव’, ‘परतीचे प्रवास’ आणि ‘टेलेगोनी’ अशी सहा महाकाव्यं इलियड-ओडिसीच्या अवतीभवती होती. किप्रियाचे अकरा सर्ग युद्धाच्या मुळापासून सुरू होऊन इलियडच्या उंबरठ्यापर्यंत येत. एथिओपिसमध्ये अ‍ॅमेझॉन राणी पेंथेसिलेया, मेम्नॉन आणि शेवटी अकिलीसचा मृत्यू. घोडा आणि नगराचा विध्वंस त्यापुढच्या दोन काव्यांत. ही सगळी काव्यं आज हरवली आहेत. उरले आहेत ते तुटक उतारे आणि प्रोक्लस नावाच्या लेखकाने केलेले गोषवारे. त्यातले बहुतेक गोषवारे टिकले, कारण दहाव्या शतकातल्या एका लेखनिकाने इलियडची प्रत करताना ते तिच्यात उतरून ठेवले. ती प्रत आज व्हेनिसच्या मार्चियाना ग्रंथालयात आहे. बीबीसीच्या मालिकेची चौकट होमरपेक्षा या गोषवाऱ्यांच्या कितीतरी जवळची आहे.

युद्ध सगळंच सांगणं आणि त्यातला एकच भाग निवडणं हे दोन मार्ग वेगळे आहेत, हे ॲरिस्टॉटलने ओळखलं होतं. ‘पोएटिक्स’च्या तेविसाव्या प्रकरणात तो होमरची तारीफ करतो ती याचसाठी, की युद्धाला आरंभ आणि शेवट असूनही होमरने ते सगळं सांगायला घेतलं नाही, एकच भाग निवडला आणि बाकीचं प्रसंगाप्रसंगांतून आत घेतलं. इलियडमधून एक-दोनच नाटकं निघतील, पण छोट्या इलियडमधून आठहून अधिक, असं तो म्हणतो. यात छोट्या इलियडचं कौतुक नाही, ते विस्कळीत असल्याची तक्रार आहे. पुढे रोमन कवी होरेसनेही हेच सांगितलं: ट्रॉयचं युद्ध सांगायला हेलनच्या जन्माच्या अंड्यापासून सुरुवात करू नये.

दूरचित्रवाणीने मात्र अंड्यापासूनच सुरुवात केली, आणि तिची अडचणही समजण्यासारखी आहे. अथेन्समधला श्रोता कथा पाठ असूनच येत असे. लंडनमधल्या २०१८च्या प्रेक्षकाला मेनेलाउस कोण हेही सांगणं भाग होतं. आठ तासांत ओळखी करून द्यायच्या, लग्न मोडायचं, दहा वर्षं लढायचं आणि नगर जाळायचं. बी. आर. चोप्रांच्या ‘महाभारत’ला दूरदर्शनवर ९४ भाग मिळाले होते, तरी कित्येक उपाख्यानं बाहेर राहिली. एवढ्या मोठ्या कथेला आठ भाग अपुरेच पडतात, आणि ते जाणवतं. एखाद्या पात्रात जीव गुंतावा तोवर ते मरून गेलेलं असतं.

तरीही भागाभागाने सांगणं हा या कथेचा मूळ स्वभाव आहे. अथेन्समध्ये दर चार वर्षांनी भर उन्हाळ्यात मोठा पॅनअथेनिया उत्सव भरे. त्यात ऱ्हॅप्सोड, म्हणजे हातात काठी घेऊन होमर म्हणून दाखवणारे व्यावसायिक, एकमेकांशी स्पर्धा करत. एकाने जिथे सोडलं तिथूनच दुसऱ्याने उचलायचं, असा तिथे नियम होता. प्लेटोच्या नावावर असलेल्या एका संवादात तो नियम अथेन्सचा सत्ताधीश पिसिस्ट्राटस याचा मुलगा हिप्पार्कस याने घातल्याचं म्हटलं आहे. आवडता प्रसंग तेवढा गाऊन टाळ्या घेण्याची वाट त्या नियमाने बंद झाली.

या धंद्याचं आतलं दर्शन प्लेटोच्या ‘आयन’ या संवादात होतं. एफिससचा आयन हा नावाजलेला ऱ्हॅप्सोड. नक्षीदार वस्त्रं आणि डोक्यावर सोन्याचा मुकुट घालून तो वीस हजारांहून अधिक लोकांसमोर उभा राहतो. ट्रॉयची राणी हेक्युबा किंवा प्रायम यांचा शोक म्हणताना त्याचे स्वतःचे डोळे भरून येतात. पण त्याच वेळी तो मंचावरून श्रोत्यांवर नजर ठेवून असतो. सॉक्रेटिसला तो सरळ सांगून टाकतो की लोक रडले तर आपण पैसे मोजताना हसणार, आणि लोक हसले तर पैसे बुडाले म्हणून रडायची पाळी आपल्यावर. प्रेक्षकसंख्येचे आकडे पाहून मालिकांचं भवितव्य ठरवणाऱ्यांना हा माणूस अगदी घरचा वाटेल. बीबीसीच्या मालिकेचे प्रेक्षक आठवड्यागणिक घटत गेले, हेही इथेच सांगायला हवं.

आयन पाठांतर म्हणत होता. त्याच्या आधीचे गायक काय करत असतील, याचा सर्वांत भरवशाचा माग विसाव्या शतकात युगोस्लाव्हियात लागला. १९३३ ते १९३५ या काळात हार्वर्डचे मिल्मन पॅरी आणि त्यांचे सहायक अल्बर्ट लॉर्ड तिथल्या खेड्यांत ध्वनिमुद्रणाचं यंत्र घेऊन हिंडले. गुस्ले हे एकतारी वाद्य वाजवत मुस्लिम गायक रमजानच्या रात्री कॉफीच्या दुकानांत वीरकथा गात. १९३५ मध्ये बिएलो पोल्ये गावच्या अव्दो मेजेदोविच या गायकाने त्यांना बारा हजारांहून अधिक ओळींचं एक काव्य सांगितलं. अव्दोला लिहिता-वाचता येत नव्हतं. ठरलेले शब्दबंध, ठरलेले प्रसंग आणि समोरचा श्रोता यांच्या आधाराने तो गाता गाताच काव्य रचत होता, आणि श्रोता रमला की कथा फुलवत होता. पॅरी त्याच वर्षी वारले. लॉर्ड यांनी १९६० मध्ये ‘द सिंगर ऑफ टेल्स’ लिहून तो सिद्धान्त जगापुढे ठेवला. त्यानंतर होमरकडे पाहण्याची नजर बदलली.

होमरने स्वतःच अशा एका गायकाचं चित्र रेखाटून ठेवलं आहे. ओडिसीच्या आठव्या सर्गात फेयेशियन लोकांच्या राजसभेत डेमोडोकस नावाचा अंध गायक गातो. जहाज फुटून आलेला एक अनोळखी पाहुणा पंगतीत आपल्या पानातला मांसाचा खास तुकडा त्याच्याकडे पाठवतो आणि लाकडी घोड्याची कथा गायला सांगतो. पाहुणा असतो ओडिसियस. घोड्याची युक्ती त्याची, आणि घोड्याच्या पोटात बसणाराही तोच. गाणं सुरू होतं, ग्रीक घोड्यातून उतरतात, नगरात कत्तल होते, आणि ऐकणारा ओडिसियस ढसाढसा रडू लागतो. होमर त्या रडण्याला उपमा देतो ती नगर राखताना पडलेल्या नवऱ्याच्या देहावर कोसळलेल्या स्त्रीची. शत्रू तिला पाठीमागून भाल्याने टोचत गुलामगिरीकडे हाकलत असतात. म्हणजे विजेत्याच्या डोळ्यांतलं पाणी मोजायला कवी पराभूतांच्या घरातली बाई आणतो. ट्रॉयवर रचलेल्या साऱ्या साहित्यात याहून धीट जागा क्वचितच सापडेल.

त्याच बाईला युरिपिडीसने इ.स.पू. ४१५ मध्ये रंगमंचाच्या मधोमध उभं केलं. त्याआधीच्या हिवाळ्यात अथेन्सने मेलोस बेट जिंकून तिथल्या पुरुषांना ठार केलं होतं आणि बायका-मुलांना गुलाम म्हणून विकलं होतं. वसंतातल्या उत्सवात त्याच अथेन्सच्या नागरिकांसमोर ‘ट्रोजन विमेन’ हे नाटक झालं. युद्ध संपलेलं, पुरुष मेलेले, हेक्युबा जमिनीवर पडलेली, हेक्टरच्या तान्ह्या मुलाला तटावरून फेकण्याचा हुकूम आलेला. स्पर्धेत पहिलं बक्षीस झेनोक्लीसला मिळालं. त्याची ती नाटकं आज शिल्लक नाहीत. युरिपिडीसचं हे नाटक मात्र प्रत्येक मोठ्या युद्धानंतर पुन्हा उभं राहतं. १९७१ मध्ये मायकेल काकोयानिस यांनी त्यावर चित्रपट केला तेव्हा ग्रीसमध्ये लष्करी राजवट होती, म्हणून चित्रीकरण स्पेनमध्ये झालं. २०१३ मध्ये जॉर्डनची राजधानी अम्मानमध्ये सीरियातून आलेल्या निर्वासित स्त्रियांनी हेच नाटक स्वतःच्या अनुभवांची भर घालून सादर केलं. बीबीसीच्या मालिकेचा सर्वांत चांगला निर्णय याच परंपरेतला आहे: कॅमेरा बहुतेक वेळ तटाच्या आत राहतो. फ्रान्सिस ओ’कॉनर यांची हेक्युबा, डेव्हिड थ्रेलफॉल यांचा प्रायम आणि थकत चाललेलं ते घराणं पाहताना मालिकेच्या बाकीच्या उणिवा विसरायला होतात.

मधल्या काळात पश्चिम युरोपला ग्रीक वाचता येईना. तरी ट्रॉयचं वेड सुटलं नाही. डिक्टिस आणि डेरीस या दोघांच्या नावावर, युद्ध प्रत्यक्ष पाहिल्याचा दावा करणारी दोन पुस्तकं लॅटिनमध्ये हातोहात फिरत होती. दोन्ही बनावट. पण होमर युद्धानंतर कितीतरी काळाने झाला आणि त्याने माणसांच्या लढाईत देव घुसवले, म्हणून मध्ययुगातल्या पंडितांना हे ‘साक्षीदार’ अधिक विश्वासाचे वाटले. डेरीसच्या पुस्तिकेवरून ११६०च्या सुमारास बेनॉ द सेंट-मोर या फ्रेंच कवीने तीस हजार ओळींचं काव्य लिहिलं आणि त्यात प्रायमचा मुलगा ट्रॉयलस याची एक प्रेमकथा स्वतःच्या मनाने जोडली. बोकाचिओ, चॉसर आणि शेक्सपिअर यांच्या हातून जाता जाता त्या कथेतल्या नायिकेची क्रेसिडा झाली. इंग्रजीत छापलेलं पहिलं पुस्तक हेही ट्रॉयच्याच कथांचं. विल्यम कॅक्स्टन यांनी ते १४७३-७४च्या सुमारास छापलं.

ही क्रेसिडा पुढे भलत्याच ठिकाणी भेटते. १९६५च्या ऑक्टोबर-नोव्हेंबरमध्ये बीबीसीच्या ‘डॉक्टर हू’ या विज्ञानमालिकेत ‘द मिथ मेकर्स’ ही चार भागांची कथा झाली. काळातून प्रवास करणारे डॉक्टर ट्रॉयच्या मैदानावर उतरतात, ग्रीक त्यांना झ्यूस समजतात, आणि लाकडी घोड्याची कल्पना शेवटी त्यांनाच द्यावी लागते. सोबतची विकी ही मुलगी नगरात सापडते. प्रायम तिचं नाव क्रेसिडा ठेवतो आणि ती ट्रॉयलसबरोबर मागे राहते. बाराव्या शतकातल्या फ्रेंच कवीची कल्पना अशी थेट लहान मुलांच्या शनिवारच्या कार्यक्रमात पोहोचली. त्या काळी बीबीसी जुन्या फिती पुसून पुन्हा वापरत असे. या कथेचे चारही भाग आज उपलब्ध नाहीत. आवाज तेवढा उरला, कारण काही चाहत्यांनी घरच्या घरी तो ध्वनिमुद्रित करून ठेवला होता. प्रोक्लसच्या गोषवाऱ्यांवर एथिओपिस उभं करावं लागतं, तसं अभ्यासकांना या मालिकेचं करावं लागतं.

इटलीच्या राय वाहिनीने १९६८ मध्ये केलेली ‘लोदिस्सेआ’ मात्र सुखरूप आहे. फ्रान्को रोस्सी दिग्दर्शक, ओडिसियसच्या भूमिकेत बेकिम फेहमिउ हा युगोस्लाव्ह नट आणि पेनेलोपीच्या भूमिकेत इरेनी पापास. तीन वर्षांनी काकोयानिसच्या चित्रपटात हेलन झाल्या त्याही पापासच. मालिकेचं बरंचसं चित्रीकरण युगोस्लाव्हियात झालं आणि भागाच्या आरंभी वयोवृद्ध कवी ज्युसेप्पे उंगारेत्ती होमरच्या ओळी वाचून दाखवत. आधी कवीचा आवाज, मग चित्र. पडद्यावर होमर आणणाऱ्या कुणालाही हा क्रम इतका नेमका साधलेला नाही.

२०१८च्या मालिकेचं ट्रॉय दक्षिण आफ्रिकेत, केपटाउनजवळ उभारलं होतं. डेव्हिड ग्यासी यांना अकिलीस आणि हकीम काए-काझिम यांना झ्यूस केल्यावर ग्रीक वीर आणि देव कृष्णवर्णीय कसे, असा गदारोळ उठला. होमरने अकिलीसचे केस सोनेरी म्हटले आहेत, हा आक्षेपकांचा आवडता पुरावा. पण अथेन्सच्या रंगमंचावर हेक्युबा, हेक्टरची पत्नी अँड्रोमकी, प्रायमची मुलगी कॅसॅन्ड्रा या सगळ्या भूमिका मुखवटे लावलेले पुरुषच करत. तिथल्या प्रेक्षकांनी नटाच्या चेहऱ्याकडून साक्ष मागितली नाही. शिवाय एथिओपिस हे महाकाव्य ज्याच्या देशावरून ओळखलं जातं तो मेम्नॉन हा इथिओपियाचा राजा. ट्रॉयच्या मदतीला येऊन अकिलीसशी लढणारा हा वीर ग्रीक कवींनी अकिलीसच्या तोडीचाच मानला. अकिलीस आणि त्याचा सोबती पेट्रोक्लस यांचं प्रेम मालिकेने उघड दाखवलं, त्यावरही नाकं मुरडली गेली. तिथे तर एस्किलसने आपल्या आज हरवलेल्या ‘मिर्मिडन्स’ नाटकात त्यांना प्रेमिक केलंच होतं, आणि प्लेटोच्या ‘सिम्पोझियम’मध्ये त्यावर चर्चाही आहे.

ही कथा आपल्या उपखंडातही फिरून गेली आहे. पहिल्या शतकातला वक्ता दिओ क्रिसोस्टोम सांगतो की भारतीय लोक होमर आपल्या भाषेत गातात, आणि प्रायमची दुःखं, अँड्रोमकी-हेक्युबाचा विलाप आणि अकिलीस व हेक्टरचं शौर्य त्यांना परिचित आहे. त्याच्या कानावर महाभारताची वार्ता गेली असावी आणि तिला त्याने ओळखीची नावं दिली असावीत, असा अभ्यासकांचा तर्क आहे. पण आजच्या पाकिस्तानातल्या मर्दान परिसरातून मिळालेला, ब्रिटिश म्युझियममधला गांधार शैलीतला एक शिल्पपट वेगळंच सांगतो. चाकांवरचा घोडा, त्याच्या छातीकडे भाला रोखलेला पुरुष, मागे दारात हात उंचावून उभी असलेली स्त्री. घोड्याला विरोध करणारा पुरोहित लाओकून आणि कॅसॅन्ड्रा इतक्या सहज ओळखू येतात की संशयाला फारशी जागा उरत नाही. बौद्ध शिल्पांच्या त्या प्रदेशात, दुसऱ्या-तिसऱ्या शतकात, कुणीतरी ही कथा सांगत होतं.

आणि खरं ट्रॉय? तुर्कस्तानातल्या हिसार्लिकच्या टेकडीत एकावर एक नऊ मुख्य वस्त्यांचे थर आहेत. फ्रँक कॅल्व्हर्ट यांनी ती जागा हेन्रिक श्लीमान यांना सुचवली आणि १८७०नंतर श्लीमान यांनी इतक्या घाईने खणलं की होमरच्या कथेतल्या काळाशी जुळू शकणारे थर त्यांच्या चरांत कापले गेले. १८७३ मध्ये मिळालेले दागिने त्यांनी पत्नी सोफिया यांच्या अंगावर चढवून छायाचित्र काढलं आणि ते हेलनच्या काळचे ठरवले. प्रत्यक्षात ते हजाराहून अधिक वर्षं आधीचे निघाले. हिटाइट लेखांतलं विलुसा नावाचं राज्य म्हणजेच हे नगर, असं आता बहुतेक तज्ज्ञ मानतात. त्याच्या एका राजाचं नाव अलक्सांदू होतं, आणि इलियडमध्ये पॅरिसचं दुसरं नाव अलेक्झांड्रॉस आहे. एवढ्यावरून कुणी हेलन सिद्ध करू नये.

हेलनचा निकाल ग्रीकांनाही लावता आला नव्हता. युरिपिडीसनेच इ.स.पू. ४१२ मध्ये दुसरं नाटक लिहून ती ट्रॉयला गेलीच नाही, इजिप्तमध्ये होती, असं दाखवलं; हेरोडोटसलाही तेच पटत होतं. बेला डेन यांनी उभी केलेली मालिकेतली हेलन पूर्ण अपराधीही नाही आणि पूर्ण निरपराधही नाही, म्हणून काही समीक्षक वैतागले. त्यांनी ओडिसीचा चौथा सर्ग पाहायला हवा होता. युद्धानंतर स्पार्टात हेलन आणि तिचा नवरा मेनेलाउस पुन्हा एका घरात नांदत असतात आणि ओडिसियसचा मुलगा टेलेमाकस पाहुणा म्हणून येतो. दुःख विसरायला लावणारं इजिप्तचं औषध हेलन सर्वांच्या मद्यात मिसळते आणि कथा सांगते: भिकाऱ्याच्या वेषात नगरात शिरलेल्या ओडिसियसला तिने ओळखलं, लपवलं, मदत केली, मनाने ती तेव्हाच घरी परतली होती. मेनेलाउस म्हणतो, छान सांगितलंस. मग तो आपली कथा सांगतो: आम्ही घोड्यात दडून बसलो होतो, तू तीनदा घोड्याभोवती फिरलीस, बाहेरून हाताने चाचपलंस आणि एकेका योद्ध्याच्या बायकोच्या आवाजात त्याला हाक मारलीस. दोघांतलं खरं कुणाचं हे होमर सांगत नाही. टेलेमाकस म्हणतो, आता झोपायला जाऊ या, आणि हेलन दासींना अंथरुणं घालायला सांगते.